मुराळी आणि उरलेली अकरा मिनिटं

हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या, म्हणजे मध्येमध्ये मला थांबावं लागणार नाही. घोळ मी आयुष्यात पुष्कळ घातलेत. पण एका जिवंत, ठणठणीत, रोज दोन वेळा भाकरी कुस्करून खाणाऱ्या म्हाताऱ्याला नव्वद किलोमीटर लांब जाऊन मारून येणं, हे माझं आजवरचं सगळ्यात मोठं काम. तेही कसं? पाणी न पिऊन. हो, नुसतं पाणी न पिऊन.

थांबा, क्रमाने सांगते.

आमचं घर जळगावला, पिंप्राळ्यात. घरात आई, पप्पा, नाना म्हणजे माझे आजोबा, मी आणि माझ्याहून चार वर्षांनी मोठी योगिताताई. ताईला आणि मला एकच व्यसन होतं, एका अंतराळयानावरची इंग्रजी मालिका. यानाचं खरं नाव जिभेला वळसा घालणारं होतं. त्याचा रंग लाल, दारं खडखडायची, आणि कितीही मोडलं तरी ते शेवटी पोचायचंच, म्हणून आम्ही त्याला लालपरी म्हणायचो. आपल्या एसटीसारखं.

नाना कधीकधी मागे येऊन उभे राहायचे. नाना मूळचे पारोळ्याकडचे, बोलणं सगळं अहिराणीत.

"ह्या लोके कथा जाई राह्यनात?"

"घरी चाललेत, नाना."

"मंग इतला येळ?"

मी आवाज वाढवायचे. म्हाताऱ्या माणसांना विज्ञान समजावत बसायला तेव्हा माझ्याकडे वेळ नव्हता. आताही नाही, पण ते सोडा.

त्या मालिकेतला एक भाग आमचा जीव की प्राण. यानावरची एक बाई एका बर्फाच्या चंद्रावर सहा महिन्यांसाठी उतरते, तिथल्या दुर्बिणीवर काम करायला. आम्ही तिला दुर्बीणवाली म्हणायचो. सहा महिन्यांनी यान परत येऊन तिला घेणार असं ठरलेलं. पण यानाला उशीर होतो. वर्ष होतं, दीड वर्ष होतं. तिच्याकडे स्वतःचं छोटं उडतं वाहन असतं, आमच्या भाषेत रिक्षा. इंधन भरलेलं, सगळं चालू. कॅप्टन निरोप पाठवतो, रिक्षा घे आणि तुझी तू ये. ती येत नाही. तिचे निरोप लहान लहान होत जातात. शेवटी कॅप्टन चिडतो, वरिष्ठांचे हुकूम झुगारतो, यान वळवतो आणि त्या चंद्रावर जाऊन दार उघडतो. आत ती बसलेली असते. शेजारी भरलेली बॅग. कॅप्टन विचारतो, "रिक्षा होती, इंधन होतं, मग आली का नाहीस?"

ती मान वर करते, आणि…

आणि आमच्या मामीने प्लग काढून मिक्सर लावला.

ताईच्या हळदीचा दिवस होता. सकाळी दोघी चोरून माळ्यावरच्या खोलीत बसलो होतो. लॅपटॉपची बॅटरी आधीच मेलेली, त्यामुळे पडदा काळा. मामी म्हणाली, "नवरी मुलगी टीव्ही बघत बसते का कुठे?" आणि खोबऱ्याची चटणी फिरवायला लागली. ताईला खाली ओढून नेलं. जाताजाता ती एवढंच म्हणाली, "रूपे, उरलेली अकरा मिनिटं दोघींनीच बघायची. एकटीने बघितलीस तर माझं तोंड बघू नकोस."

मी शब्द दिला.

ताई धुळ्याला गेली. देवपूरमध्ये तिचं सासर. सासऱ्यांना सगळे आबा म्हणतात, विहिरीवरच्या मोटारी दुरुस्त करण्यात त्यांची हयात गेली. सासूबाई म्हणजे अक्का. जळगाव-धुळे अंतर किती? एरंडोल, पारोळा, की आलं धुळं. पण ती अकरा मिनिटं काही जमेनात. पहिल्या आखाजीला ताई आली तर घरात पन्नास बायका आणि दारात झोका. दिवाळीला आली ती दाजींसोबत, दीड दिवस, पाहुणीसारखी.

आखाजी म्हणजे अक्षय्य तृतीया. खानदेशाबाहेरच्यांना हे सांगावं लागतं, की आमच्याकडे दिवाळीपेक्षा हा सण मोठा, कारण या सणाला लेकी माहेरी येतात. आणि लेक आपली आपण येत नाही. माहेरचं माणूस तिला आणायला जातं. त्या माणसाला म्हणतात मुराळी. तो सासरी जाणार, पाणी पिणार, बसणार, मग ठरलेलं वाक्य बोलणार, मग जेवणार, मग लेक बॅग उचलणार. हा सगळा कार्यक्रम.

मागच्या वर्षी आखाजीच्या आधी नानांनी विचारलं, "मुराळी कोन जाई औंदा?"

झालं. मी नुकतीच पदवी घेतलेली, डोक्यात वारं भरलेलं. मी स्वयंपाकघराच्या दारात उभं राहून भाषण दिलं. ताई एम.एस्सी. झालेली बाई आहे. ती काय पार्सल आहे का, कुणी न्यायला यायला? बस आहे, मोबाइल आहे, तिची ती येईल. नेणारे आणि पाठवणारे तुम्ही कोण?

पप्पांनी पेपर तोंडापुढे धरला. आई भाकरी थापत राहिली. नाना म्हणाले, "तुनं बरोबर व्हई." या 'असेल'चा सूर मला तेव्हा कळला नाही. मला वाटलं, मी जिंकले.

ताईला मेसेज टाकला, "यंदा मुराळी-बिराळी बंद. तुझी तू ये. मोकळी हो."

तिचं उत्तर आलं, "बघते."

आणि ती आलीच नाही. आखाजीच्या संध्याकाळी लिहिलं, "जमत नाहीये गं."

आता तुम्ही असतात तर काय समजला असतात? मी तेच समजले. सासरच्यांनी अडवलं. त्या दिवसापासून आबा आणि अक्का माझ्या नजरेत खलनायक. पुढे वर्षभर ताईचे मेसेज आखूड होत गेले. आधी चार ओळी, मग दोन, मग "बरी आहे", मग नुसता अंगठा. एक दिवस तो पिवळा अंगठा बघताना मला दुर्बीणवाली आठवली. लॅपटॉपवर तो भाग तसाच होता, एकतिसाव्या मिनिटावर थांबलेला. कितीदा तरी बोट त्या बटणावर गेलं आणि परत आलं. ताईच्या पलंगावर मी एव्हाना कपडे टाकायला लागले होते, आणि ते कपडे उचलून तिथे झोपायलाही.

या वर्षी आखाजीच्या दोन दिवस आधी मी जाहीर केलं, "मी धुळ्याला चाललेय."

"मुराळी म्हनीसन?" नाना खुश झाले.

"नाही. जाब विचारायला. ताईला सोडवून आणणार आहे मी."

"तेच ते," नाना म्हणाले. "घर गयी का पह्यले पानी पेजो. मंग बठजो. मंग अक्काले सांगजो, ताईले लेवाले येल शे."

"नाना, 'ताईला न्यायला आलेय' असलं काही मी म्हणणार नाही. आणि तुम्ही तिकडे आधी फोन करायचा नाही. सावध होतील ते लोक."

"पानी तरी पेजो."

"पाणी तर मुळीच पिणार नाही."

पाठीवर लॅपटॉप, हातात आईने बळेच दिलेला सांजोऱ्यांचा डबा, आणि मी खऱ्या लालपरीत खिडकीशी. एप्रिलचं ऊन. पारोळ्यापर्यंत मी मनात भाषण पाठ केलं. त्यात घटनेची दोन कलमं होती.

दुपारी बारा वाजता देवपूरच्या घराची कडी वाजवली. अक्कांनी दार उघडलं. गोल चेहऱ्याची, ठेंगणी बाई. मला बघून आधी चमकल्या, मग हसल्या.

"ये व माय, बठ. पानी लयस."

"पाणी नको."

"उन्हातून उनी ना तू?"

"पाणी नको. बसणार पण नाही. ताईला बोलवा आणि तिची बॅग भरायला सांगा. आत्ताच्या आत्ता निघायचंय."

अक्कांचं हसू पुसल्यासारखं गेलं. त्यांनी माझ्याकडे नीट बघितलं. मी आपली दात आवळून, डोळे लाल, कारण दोन तास धूळ खाल्लेली. अक्का भिंतीला धरून हळूहळू खाली बसल्या आणि त्यांनी हाक मारली, "अहो, आठे या… जळगावहून पोर येल शे… पानी पेत नही."

मला वाटलं, बरी घाबरली.

मला काय माहीत? तुम्हाला तरी माहीत होतं का? त्या भागात आधी न कळवता, सणाच्या तोंडावर, एकटं माणूस दारात येऊन उभं राहिलं, बसलं नाही, पाणी घेतलं नाही आणि बॅग भरा म्हणालं, तर त्याचा अर्थ एकच. माणूस गेल्याचा निरोप आणणारा पाणी पीत नाही.

आबा बाहेर आले. हातात पाना, बनियनला ग्रीस. त्यांनी माझ्याकडे बघितलं, पाना खाली ठेवला आणि अगदी हळू विचारलं, "कवय?"

म्हणजे कधी. मी समजले, कधी निघायचं असं विचारताहेत. म्हटलं, "तीनच्या बसने."

"इतली घाई?"

"दीड वर्ष वाट बघितलीय आम्ही. आता एक मिनिट थांबणार नाही."

आबांनी डोळे मिटून मान हलवली. अक्कांनी पदर तोंडाला लावला. मी मनात म्हटलं, रडून काही उपयोग नाही, आणि तेच मोठ्याने म्हणाले सुद्धा. "रडून काही उपयोग नाही, अक्का. आधी विचार करायचा होता."

शेजारची बाई डोकावली. अक्कांनी तिला हुंदक्यातून सांगितलं. तिने तिसरीला सांगितलं. पाच मिनिटांत ओसरीवर आठ बायका. एकीने माझा हात धरला आणि म्हणाली, "हिंमत ठेव बेटा, वय झालतं त्यास्नं." मी विचारात पडले, की कुणाचं वय झालं? पण भाषण पाठ होतं, ते वाया कसं घालवू? मी पहिलं कलम सुरू केलं. तिकडे आबा कोपऱ्यात फोनवर दाजींना सांगत होते, "सुटी ले आनि घर ये. जळगावना नाना गयात."

मी अर्ध्या वाक्यात थांबले.

तेवढ्यात गच्चीवरून ताई धावत आली. वर बिबडे, म्हणजे ज्वारीचे पापड, वाळत घालत होती, कोपरापर्यंत हात ज्वारीच्या पिठाने भरलेले. तिने ओसरीवरच्या बायका बघितल्या, अक्कांना बघितलं, मला बघितलं, आणि तिच्या तोंडून एकच शब्द निघाला, "नाना?"

"अगं नाही…" मी म्हणतेय, पण ऐकतंय कोण? तिने मला तसंच पिठाच्या हातांनी मिठी मारली आणि अशी रडली, अशी रडली, की मलाही रडू फुटलं. आपण कशासाठी रडतोय हे माहीत असूनही थांबता येईना. दीड वर्षाने कुणीतरी मला रूपे म्हणत होतं ना.

आणि आबांचा फोन वाजला.

आबांनी पडद्यावर नाव वाचलं. चष्मा काढला, पुसला, परत वाचलं. फोन कानाला लावला. पलीकडचा आवाज ओसरीभर ऐकू आला, कारण नानांना वाटतं धुळे लांब आहे म्हणून ओरडावं लागतं.

"आबा, पोर पोहचनी का? पानी पिदं का तिनी?"

आबांच्या हातून फोन पडला.

पुढचा अर्धा तास मी तुम्हाला सांगणार नाही. एवढंच सांगते, की आठही बायका पाण्याचे आठ पेले घेऊन आल्या आणि मला आठही प्यावे लागले. दाजी धापा टाकत पोचले तेव्हा मी पाचव्यावर होते.

सगळे पांगल्यावर मी अक्कांसमोर बसले. माफी मागायला, खरं तर. पण माझी जीभ ऐकत नाही. म्हणाले, "चुकलं माझं. पण मागच्या आखाजीला तुम्ही तिला का नाही पाठवलं?"

अक्का माझ्याकडे बघतच राहिल्या. "आम्ही?"

मग त्यांनी सांगितलं. मागच्या आखाजीला ताईने पहाटे उठून डोकं धुतलं. बॅग भरून दाराशी ठेवली. गल्लीत गाडीचा आवाज आला की फाटकापर्यंत जायची, परत यायची. दुपारी आबा म्हणाले, चल बेटा, मी पोचवतो. तर म्हणाली, नको आबा, मला न्यायला येतील. तिसऱ्या प्रहरी परत म्हणाले. तरी तेच. दिवे लागल्यावर तिने बॅग आत नेली आणि कपडे कपाटात लावले. "आम्ही तुमले फोन करनार व्हतूत," अक्का म्हणाल्या, "पन तिनी शपथ घाली."

मी ताईकडे वळले. ती हातावरचं वाळलेलं पीठ नखाने खरवडत होती.

"मग 'जमत नाही' असं का लिहिलंस?"

"मग काय लिहू? न्यायला या असं? एम.एस्सी. झालेल्या बाईने? तू मोकळी हो म्हणून लिहिलं होतंस."

"पण तुझ्याकडे बस होती, मोबाइल होता…"

"होता ना," ताई म्हणाली. "यायला सगळं होतं, रूपे."

संध्याकाळी कूलर लावलेल्या खोलीत लॅपटॉप उघडला. दोघींनीच बघायचं ठरलेलं, पण कूलर घरात एकच आणि आबा त्याच्या समोरून हलेनात. म्हणाले, काय शे हाई? मी नाइलाजाने सगळी गोष्ट सांगितली. दुर्बीणवाली, बर्फाचा चंद्र, उशीर, कॅप्टनचा प्रश्न.

आबांनी मोटारवाल्यासारखी चौकशी केली. "तिनी रिक्षा चालू व्हती?"

"हो."

"डिझेल?"

"टाकी भरलेली."

"मंग सोपं शे. तिले कोनी लेवाले गयं नही."

मी कीव आल्यासारखी हसले. आबा, म्हटलं, जगभरातले लोक यावर इंटरनेटवर वाद घालताहेत. ती चुंबकीय वादळामुळे अडकली असणार, यावर मी स्वतः चार पानं लिहिलीत. असं साधं काही नसतं ते.

मग बटण दाबलं.

पडद्यावर तिने मान वर केली. कॅप्टनकडे बघितलं. आम्ही दोन वर्षं जे वाक्य ऐकायला थांबलो होतो ते आलंच नाही. ती काही बोललीच नाही. तिने फक्त शेजारची बॅग उचलली आणि त्याच्या हातात दिली. त्यानेही काही न बोलता घेतली आणि दोघं बर्फातून चालायला लागली.

उरलेली दहा मिनिटं इंजिनाला आग लागलेली होती. ती मी बघितली नाही. मला काही दिसतच नव्हतं.

"जड व्हई ती बॅग," आबा म्हणाले.

दुसऱ्या दिवशी सकाळी निघायचं होतं. ताई नवं लुगडं नेसून ओसरीवर बसली. बॅग दाराशी. मी म्हटलं, चल. ती हलेना. अक्का चौकटीला टेकून उभ्या, आबा खुर्चीत, सगळे माझ्या तोंडाकडे बघताहेत.

"काय झालं?"

"आधी म्हण," ताई म्हणाली.

मी घसा साफ केला. अहिराणी मला ऐकता येते, बोलता येत नाही. शाळेत हसतील म्हणून कधी बोललेच नाही. "अक्का," मी म्हटलं, "ताईले… लेवाले… येल शे."

अक्का गंभीरपणे म्हणाल्या, "पानी पिदं का?"

नववा पेला.

मग बॅग मीच उचलली, बसस्थानकापर्यंत. तिच्यात कपडे कमी आणि बिबडेच जास्त होते. आबांचं बरोबर होतं. जड होती.

जळगावला नाना फाटकातच उभे. आपल्या मरणाची हकीकत त्यांनी माझ्याकडून तीनदा ऐकली आणि प्रत्येक वेळी कोण किती रडलं ते विचारून घेतलं. अक्का सगळ्यात जास्त, हे ऐकून फार समाधान पावले. मग ताईला म्हणाले, "जूनमा रूपी पुनाले चालनी, नोकरीले. दिवाळीले तिले लेवाले कोन जाई?" आणि माझ्याकडे न बघता स्वतःच उत्तर दिलं, "कोनी नही. बस शे, मोबाइल शे. तिनी ती येई."

सगळे हसले. मीही हसले.

तर आता मी पुण्यात आहे. परवा दिवाळीसाठी निघायचंय. गाडीचं आरक्षण माझं मीच केलंय, अर्थातच. बॅग चार दिवस आधीच भरून दाराशी ठेवलीय. का, ते विचारू नका. काल संध्याकाळी जिन्यावर पावलं वाजली. वय पंचवीस, पदवीधर, स्वतंत्र विचारांची मी, हातातला चहा सांडून पळत दारापर्यंत गेले आणि केस नीट करून दार उघडलं.

कुरिअरवाला होता. शेजारच्यांचं पार्सल न्यायला आला होता.